तारण

स्पंज वाळलेला होता. निळ्या प्लॅस्टिकच्या वाटीत कडेनं आक्रसलेला, मधोमध बोटानं पडलेला खळगा… आणि काउंटरपलीकडची ती मुलगी तरीही दर दोन कागदांनंतर बोट त्या खळग्यात टेकवत होती, कोरडंच उचलत होती आणि पुढचा कागद उलटत होती. नीला तेवढंच बघत राहिली. त्यात पाणी घालायचं कुणाला सुचत नाही, की बोट ओलं होईल अशी अपेक्षाच कुणाची उरलेली नाही — नुसती हाताला लागलेली सवय?

"मैडम, यहाँ साइन. और यहाँ भी. पूरा नाम."

नीलानं पूर्ण नाव लिहिलं. तिच्या ऑफिसपासून, कस्तुरबा गांधी मार्गावरून, ही शाखा चालत जाण्याएवढी जवळ. म्हणून तर वीस वर्षांपूर्वी कर्ज इथूनच घेतलं होतं, जेवणाच्या सुट्टीत येऊन जाता येईल म्हणून. दिल्लीत केंद्र सरकारच्या एका खात्यात ती अनुवादक. आज अर्ध्या दिवसाची रजा टाकून ती द्वारकेच्या फ्लॅटची मूळ कागदपत्रं परत न्यायला आली होती. कर्ज मागच्याच महिन्यात फिटलं. नवऱ्याचा, राजाभाऊंचा, गुडघा धरलेला, म्हणून त्यांनी संमतीचं पत्र सही करून दिलं होतं आणि दारापर्यंत येऊन म्हणाले होते, "आण गं आपलं घर परत." सकाळपासून तिला तेच वाक्य आठवून हसू येत होतं. घर परत आणायचं म्हणजे काय, पिशवीत घालून?

मुलीच्या छातीवरच्या पट्टीवर नाव होतं — निधी. बँकेत निधी. हे नाव एरवी नीलानं घरी जाऊन राजाभाऊंना नक्की सांगितलं असतं.

"एक बात पूछूँ?" ती अचानक म्हणाली. का विचारलं ते तिचं तिलाच कळलं नाही. "टोटल कितना गया हमारा? मतलब… शुरू से."

निधीनं कळफलकावर बोटं चालवली, पडद्याकडे डोळे बारीक करून पाहिलं आणि आकडा सांगितला. साध्या आवाजात, गाडीची वेळ सांगावी तसा.

नीलानं मनातल्या मनात भाग लावून पाहिला. मग पुन्हा लावला. घर एक घेतलं होतं. पैसे जवळजवळ अडीच घरांचे गेले होते.

"आपका पुराने रेट पर ही चलता रहा ना," निधी म्हणाली. तिच्या स्वरात दोष देणं नव्हतं, उलट थोडी कणवच होती. "नए रेट में शिफ़्ट करा लेतीं तो काफ़ी पहले ख़त्म हो जाता. बस एक एप्लिकेशन देनी होती है. बहुत लोग नहीं कराते, मैडम."

"अच्छा," नीला म्हणाली.

बाहेर पडल्यावर ती फाईल छातीशी धरून मेट्रोच्या जिन्यापर्यंत चालत गेली तेव्हा नोव्हेंबरचं दुपारचं ऊन धुरकट पिवळं पडलं होतं. डोळे चुरचुरत होते, सगळ्यांचेच चुरचुरत असतात या दिवसांत. एक अर्ज… गंमत अशी की असल्याच परिपत्रकांची भाषांतरं करण्यात तिचा जन्म गेला होता. कर्ज हळूहळू, हप्त्याहप्त्यानं फेडत नाहीसं करण्याला इंग्रजीत जो शब्द आहे त्याला हिंदीत 'परिशोधन' म्हणायचं की आणखी काही, यावर ती एकदा अर्धा दिवस वाद घालत बसली होती, आणि जिंकली होती. शब्द तिच्या पदरात पडला होता. सुरुवातीची कितीतरी वर्षं आपण भरतो ते जवळजवळ सगळं व्याजच असतं, मुद्दल जागचं हलतसुद्धा नाही. दर चढला की बँक हप्ता तेवढाच ठेवते आणि मागे चुपचाप वर्षं जोडत जाते, हे त्या शब्दाच्या पोटात होतं. तिनं कधी आत हात घालून पाहिलंच नव्हतं. दर महिन्याला पाच तारखेला पैसे जायचे. जात होते. काळजी करण्यासारखं काय होतं त्यात?

बायकांच्या डब्यात तिला बसायला मिळालं. मांडीवर फाईल. समोरची एक मुलगी पायाशी ठेवलेल्या पिशवीतून सरोजिनी नगरच्या बाजारातले कुडते काढून मैत्रिणीला दाखवत होती. नीलाच्या मनात आलं, आपलं क्वार्टर त्या बाजारापासून हाकेच्या अंतरावर… होतं. लग्नानंतरची पहिली सगळी वर्षं तिथेच गेली. दोन खोल्या, पुढे गवताचा चौकोन. आणि त्या चौकोनात एका सकाळी भाऊसाहेबांचं सामान मांडलेलं. भाऊसाहेब म्हणजे शेजारचे, अकोल्याकडचे. निवृत्त झाले, क्वार्टर सोडायची मुदत संपली, आणि टेम्पो येईपर्यंत त्यांची बायको गवतात ठेवलेल्या पलंगाच्या काठावर पर्स मांडीवर घेऊन बसली होती, बसस्टॉपवर बसावं तशी. कुणी वाईट वागलं नव्हतं. सगळं नियमाप्रमाणे होतं. पण त्या दिवसापासून नीलाच्या मनात एकच गोष्ट बसली. आपलं घर हवं. छोट्या लेकीला, स्वानंदीला, पाळणाघरातून आणताना, पोळ्या लाटताना, राजाभाऊ 'बघू की, घाई काय' म्हणत असताना ती हेच एक वाक्य घोटत राहिली. घर नीलाचा हट्ट होतं. राजाभाऊंनी फक्त सही केली.

आणि मग घरात हप्ता राहायला आला. हो, राहायलाच. कुणाच्याही आधी तो जेवायचा. पाच तारखेपर्यंत काही मागायचं नाही हे स्वानंदीला कुणी शिकवलं नव्हतं. ते ती चौथी-पाचवीतच आपणहून शिकली. शाळेच्या सहलीची चिठ्ठी दप्तरात दुमडलेली सापडायची, सहल होऊन गेल्यावर. "मला तसंही जायचं नव्हतं, आई." किती शहाणी मुलगी आहे तुमची, असं सोसायटीतल्या बायका म्हणायच्या, आणि नीलाला अभिमान वाटायचा. अभिमान! मी त्याला अभिमान म्हणत होते…

राजीव चौक आलं, माणसांचा लोंढा आत आला. कुणाचा तरी कोपर खांद्याला टेकला आणि तिनं फाईल आणखी घट्ट धरली.

अडीच घरं. पण हिशेब तिथे थांबत नव्हता, तोच तर त्रास होता. राजाभाऊंनी गुवाहाटीची बदली घेतली ती बढतीबरोबर आली म्हणून, आणि बढती घेतली ती हप्त्यासाठी. ते तीन वर्षं तिकडे भाड्याच्या खोलीत स्वतःच्या हातचा भात खात राहिले आणि इकडे द्वारकेला या दोघी. आणि त्याच तीन वर्षांतल्या एका मे महिन्यात स्वानंदीला अहमदाबादच्या कॉलेजात प्रवेश मिळाला, वस्त्रकलेच्या अभ्यासाला. देशभरातून मोजक्याच मुलांना घेतात. निकाल तिनं शेजारच्यांच्या कॉम्प्युटरवर पाहिला आणि धावत वर आली. नीला तेव्हा आमरस करत होती. दोन्ही हात मनगटापर्यंत पिवळे.

मी काय म्हणाले होते?

"फी बघितलीस का गं? शिवाय हॉस्टेल. आपला हप्ता आहे, बाळा."

एवढंच. आवाज चढवला नव्हता. जवळ घेतलं नाही, कारण हात बरबटले होते. आणि स्वानंदी अर्ध्या क्षणात, अगदी अर्ध्या क्षणात म्हणाली, "हो, बरोबर आहे," आणि आंब्याची एक साल उचलून चोखत उभी राहिली. मग दिल्लीतच बीकॉम. मग गुडगावला एका निर्यात कंपनीत नोकरी. कापडाचीच, पण कापड विणायची नव्हे, त्याच्या ऑर्डरी सांभाळायची.

हे सगळं नीलाला पाठ होतं. या वेदनेला ती जुन्या दुखण्यासारखी सरावलेली होती: आपण गरीब नव्हतो पण हप्ता होता, करणार काय. आज नवीन काही कळलं होतं ते एवढंच की तो हप्ता एका अर्जानं हलका झाला असता. नाही. तेवढंच नाही. त्याच वर्षी, पावसाळ्यानंतर, तिनं प्रॉव्हिडंट फंडातून पैसे उचलून सोसायटीत गाडीची जागा विकत घेतली होती. गाडी नव्हतीच त्यांच्याकडे. स्कूटर होती. पण जागा संपत चालल्या होत्या, नंतर मिळाल्या नसत्या. म्हणजे पैसे नव्हते असं नाही.

मग काय नव्हतं?

द्वारका मोड गेलं. तिनं तो प्रश्न खिडकीबाहेर, खालच्या गच्च्यांवर वाळत घातलेल्या कपड्यांमधे सोडून दिला. तो गेला नाही.

राजाभाऊंनी दार उघडलं तेव्हा त्यांच्या अंगावर इस्त्रीचा शर्ट होता. घरात असून. "या, मालकीणबाई," ते म्हणाले आणि फाईल तिच्या हातून जवळजवळ हिसकावूनच घेतली. जेवणाच्या टेबलावर कागद पसरून ते घराचा नकाशा शोधू लागले. सापडल्यावर बोटानं एकेक खोली फिरून आले. "हे बघ, बाल्कनी. कागदावर केवढी मोठी दिसते नाही?"

"एकंदर किती भरले आपण, माहिती आहे?" तिनं विचारलं, आणि सांगितलं.

त्यांनी मान वर करून तिच्याकडे पाहिलं. मग पुन्हा नकाशाकडे. "भरले तर भरले. कुणी रस्त्यावर काढलं नाही ना तुला?"

त्यांचं बोलणं प्रेमळ होतं. तिला वाटलं, यांनी रागवावं. एकदा तरी म्हणावं, तुझ्या हट्टापायी मी तीन वर्षं तिकडे… पण राजाभाऊ तसे नव्हते. त्यांच्या चांगुलपणावर तिला कुठे डोकं आपटायलाही जागा नव्हती.

संध्याकाळी स्वानंदी आली. ऑफिसातून थेट, काजूकतलीचा डबा घेऊन. तिचं लग्न होऊन दोन वर्षं झाली. ती आणि अंशुमन नोएडाला भाड्याच्या घरात राहत. अंशुमन कामासाठी हैदराबादला गेला होता. आल्या आल्या तिनं बापाच्या तोंडात मिठाई कोंबली.

"अरे, काँग्रॅच्युलेशन्स, बाबा! फायनली!"

"घर तारण होतं, आज सुटलं," राजाभाऊ तोंड भरलेलं असतानाच म्हणाले.

"तारण म्हणजे?" स्वानंदीनं विचारलं. दिल्लीत वाढलेल्या मुलीचं मराठी; असे शब्द तिच्या वाट्याला आलेच नव्हते. "तारणारं? जे वाचवतं ते?"

"नाही गं," नीला म्हणाली. "कर्जापोटी जे सावकाराकडे अडकवून ठेवायचं ते. फेडेपर्यंत ते आपलं असून आपलं नसतं."

"अच्छा! मला वाटलं उलटं काहीतरी." ती हसली आणि ओट्याशी जाऊन चहाचं आधण ठेवू लागली. नीला तिच्या पाठीकडे बघत राहिली. या घरात अडकवून काय ठेवलं होतं आपण…

चहा घेता घेता बातमी बाहेर आली. नोएडा एक्स्टेन्शनमधला फ्लॅट नक्की झाला होता. रविवारी बुकिंग. बँकेनं कर्ज मंजूर केलं होतं, तीस वर्षांचं. "तुमच्यासारखंच कर्ज काढून," स्वानंदी म्हणाली. "तुम्हीसुद्धा माझ्याहून थोडेच मोठे होतात ना तेव्हा? मी अंशुमनला म्हटलं, माझ्या आईनं करून दाखवलंय यार, आपल्याला काय झालं."

"तीस," नीला म्हणाली.

"जास्त वर्षं घेतली की हप्ता कमी बसतो, आई."

"हप्ता कमी बसतो," नीलानं पुन्हा म्हटलं, आणि आपलाच आवाज तिला निधीच्या आवाजासारखा, कुणालाही दोष न देणारा, ऐकू आला. "आणि ते भूजचं? विणकरांबरोबर काम करायचं, दोन वर्षं. तू किती खूश होतीस फोनवर."

स्वानंदी कपातल्या सायीला चमच्यानं कडेला सारत होती. "त्यांना आज सकाळी 'नाही' म्हणून कळवलं. पगार निम्म्यावर येतो, आई. बँकेला दोघांचे पगार दिसायला हवेत. आणि तसंही…"

राजाभाऊ उठले. दिवा लावतो, म्हणाले. बाल्कनीतल्या कुंड्यांना पाणी घालायला गेले. गुडघा दुखत असूनही गेले.

 आता बोलायला हवं होतं. तीस वर्षांत ते घर तुला केवढ्याला पडेल ते मी आज मोजून आले, असं सांगायला हवं होतं. पण जे खरं सांगायचं होतं ते आकड्यात बसत नव्हतं, आणि जे बसत नव्हतं ते तिनं इतकी वर्षं हप्ता या एका शब्दाखाली झाकून ठेवलं होतं.

"स्वानू, अहमदाबादच्या वेळी…" ती म्हणाली. "तेव्हा पैसे नव्हते असं नाही."

"माहितीये."

"काय माहितीये?"

"बाबांनी तेव्हाच फोनवर सांगितलं होतं. फंडातून होईल म्हणाले, काळजी करू नको, आईला मी समजावतो. मीच म्हटलं, राहू दे." स्वानंदीनं चमचा बशीत ठेवला. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, जुन्या शाळेबद्दल बोलावं तसं ती बोलत होती. "तू तेव्हा रोज रात्री माझ्या खोलीत येऊन बसायचीस, आठवतं? काही बोलायची नाहीस. चादरींच्या घड्या घालायचीस. घातलेल्याच घड्या मोडून परत घालायचीस. बाबा गुवाहाटीला. मला वाटलं, मी पण गेले तर ही या घरात एकटी काय करेल?"



म्हणजे एवढ्या वर्षांचं ते सगळं… रात्री जाग आल्यावर तिनं जिथे जाऊन स्वतःला टोचून घ्यायचं ते ठिकाण, मुलीला नाही म्हटल्याचं, तेसुद्धा तिचं नव्हतं. 'नाही' असं तिनं म्हटलंच नव्हतं. सतरा वर्षांच्या पोरीनं तिची भीती ओळखून, तिला न दुखवता, बापाला गप्प बसवून, परस्पर नाही म्हणून टाकलं होतं, आणि वर आईला वाटू दिलं होतं की निर्णय आईचा आहे. रस्त्यावर येऊ नये म्हणून ज्या घरासाठी तिनं एवढा अट्टाहास केला त्याच घरात तिला एकटी राहायची भीती वाटत होती, हे तिच्या आधी तिच्या मुलीला कळलं होतं. आणि राजाभाऊंना. दोघंही तिच्यासमोर रोज जेवत होती, मीठ वाढ म्हणत होती, आणि गप्प होती.

"तू सांगितलं का नाहीस कधी?"

"सांगून काय झालं असतं? तू रडली असतीस." स्वानंदी हसली. "आणि बीकॉम काही वाईट नव्हतं, आई. धीरज, आमचा पूर्ण ग्रुप तिथलाच. अंशुमन तिथेच भेटला. बिल्कुल वाईट नाही झालं माझं."

"मग आता तरी जा." नीला तिचा हात धरून म्हणाली. घाईघाईनं, अर्ध्या क्षणात, जणू उशीर झाला तर गाडी सुटणार होती. "भूजला जा. त्यांना फोन कर उद्या. घर काय, घर होईल नंतर. मी देते पैसे. मी आहे ना इथे, मला काही होत नाही एकटीला. माझ्यामुळे नको गं पुन्हा…"

"आई." स्वानंदीनं हात सोडवला नाही. पण तिच्या हातात नीलाच्या हाताला उत्तरही नव्हतं. "हे तुझ्यामुळे नाहीये. मला घर हवंय. मला भिंत हवीय, जिच्यात खिळा ठोकताना कुणा मालकाला विचारायला नको. मी नीट विचार केलाय."

"खरंच?"

"खरंच हवंय."

बाल्कनीतून कुंडीखालच्या ताटलीत पाणी ओसंडल्याचा आवाज आला, आणि राजाभाऊ स्वतःशीच काहीतरी पुटपुटले.

नीला मुलीच्या चेहऱ्याकडे बघत राहिली. तो मोकळा होता, थोडा दमलेला, डोळ्यांखाली ऑफिसची काळी रेघ, ओठांच्या कोपऱ्यात मिठाईच्या वर्खाचा चकचकीत कण. या चेहऱ्याला ताप किती आहे ते ती कपाळाला हात न लावता सांगू शकत असे. आणि आत्ता ही मुलगी खरं बोलते आहे की पुन्हा एकदा आईला सांभाळून घेते आहे, हे तिला कळत नव्हतं. घर घेऊ नको म्हणावं तर पुन्हा आपणच तिच्या वतीनं ठरवणार. घे म्हणावं तर… आपण काहीही म्हटलं तरी ही 'हो, बरोबर आहे' म्हणू शकते, आणि ते हो कुणाचं आहे ते आपल्याला ओळखता येणार नाही. रडून चालणार नव्हतं. रडणं हिला ऐकू आलं की ही लगेच धावून येणार. क्षमा मागूनही चालणार नव्हतं; क्षमा तर हिनं कधीच, न मागता, आमरसाच्या पातेल्यापाशी उभ्या उभ्या देऊन टाकली होती, आणि नीलाला तेव्हा ती घेतल्याचं कळलंसुद्धा नव्हतं.

लग्न होईपर्यंत सत्तावीस वर्षं ही आपल्या घरात, आपल्या ताटात, आपल्या कुशीत… आणि हिला काय आवडतं, काय हवं, हे आपण कधी विचारलं होतं का? विचारलं असेल. उत्तरही आलं असेल. पण उत्तर येण्याआधीच ते आपल्याला सोयीचं होऊन येत असे.

"काय बघतेस?" स्वानंदीनं विचारलं.

"काही नाही," असं नीला म्हणणार होती. शब्द ओठांपर्यंत आलासुद्धा. तिनं तो गिळला. त्याऐवजी काय म्हणायचं ते तिला माहीत नव्हतं. नव्या शेजारणीकडे पहिल्यांदा जाऊन बसावं आणि बोलायला काही सुचू नये, तशी ती समोर बसून राहिली, हात अजून तिच्या हातावर ठेवून, थोडी संकोचून, थोडी भीत.